मोत्यांच्या वेलीचा माथा कुजतो तेव्हा: खराट्याच्या हिरापासून नव्या लागवडीपर्यंतची तपासणी

खिडकीत टांगलेल्या स्ट्रिंग ऑफ पर्ल्सच्या, म्हणजे मोत्यांच्या वेलीच्या, कुंडीकडे खालून पाहिले, तर बहुधा काहीच बिघडलेले दिसत नाही. हिरव्या मण्यांचे सर लांबच लांब लोंबत असतात. तीच कुंडी उतरवून वरून पाहिली, की माथ्यावर मण्यांविना उरलेल्या तपकिरी दोऱ्या आणि मधोमध उघडी पडलेली माती दिसते. पुण्यात गेली आठ-नऊ वर्षे हीच तक्रार मी आधी स्वतःच्या, नंतर इमारतीतल्या आणि नात्यातल्या कुंड्यांमध्ये निस्तरत आलो आहे. ती जुलैच्या मध्यावर सुरू होते आणि गणपतीपर्यंत निम्मी कुंडी रिकामी करते.

लक्षणे

सर्वांत आधी माथ्याजवळचे मणी बदलतात. काही मणी सुरकुततात पण दाबल्यावर चिवट लागतात; काही मात्र पिवळट, अर्धपारदर्शक आणि पिलपिलीत होतात व चिमटीत धरताच त्यांतून पाणी येते. या दोन प्रकारांतला फरक पुढे पदोपदी उपयोगी पडणार असल्यामुळे तो आताच बोटांनी अनुभवून ठेवावा. दुसरे लक्षण म्हणजे एखादा सर हलकेच ओढला असता प्रतिकार न करता हातात येतो आणि त्याचे मातीकडचे टोक काळे व मऊ निघते. तिसरे, कुंडीला नाक लावल्यास आंबूस वास येतो. चौथे लक्षण फसवे आहे. मुळांपासून तुटलेल्या सराचा खालचा भाग पुढे दोन-तीन आठवडेही हिरवागार राहू शकतो, कारण प्रत्येक मणी म्हणजे पाण्याची छोटी टाकीच असते. त्यामुळे मालकाला वाटते की झाड एका रात्रीत गेले; खरे तर ते महिनाभर आधीच गेलेले असते.

माथ्यापाशीच का?

या वेलीचे शास्त्रीय नाव क्युरिओ रौलियानस. पूर्वी तिला सेनेसिओ वंशात धरत, आणि अनेक रोपवाटिकांच्या पाट्यांवर अजून तेच नाव असते. ती सूर्यफुलाच्या कुळातली असून मूळची दक्षिण आफ्रिकेच्या केप भागातली आहे. तिथे ती लटकत नाही. झुडपांच्या आणि दगडांच्या आडोशाने ती जमिनीवर सरपटते आणि पेरे जिथे मातीला टेकते तिथे नवी मुळे सोडत दाट गालिचा तयार करते. एका जागची मुळे कुजली तरी पुढच्या पेऱ्याची मुळे तिला तारून नेतात.

टांगत्या कुंडीत आपण ही सोय काढून घेतो. तीन-चार फुटांचा सर हवेत लोंबतो आणि त्याला मिळणारे सगळे पाणी माथ्यावरच्या दोन-तीन इंच मातीतल्या दोऱ्यासारख्या बारीक मुळांमधून येते. मुळे उथळ आहेत आणि त्यांना पर्याय नाही, म्हणून माथा बिघडला की संपूर्ण वेल बिघडते. खालच्या सरांकडे पाहून केलेले निदान जवळजवळ नेहमी चुकते. पुढची प्रत्येक तपासणी माथ्याची किंवा त्याखालच्या मातीची आहे, ती याच कारणाने.

पहिली तपासणी: पाणी घालण्याआधी ओलावा पाहणे

यासाठी खराट्याचा एक हीर पुरतो. तो कुंडीच्या कडेने थेट तळापर्यंत खुपसावा, पाच मिनिटे ठेवावा आणि बाहेर काढून पाहावा. हीर कोरडा निघाला तर माती कोरडी आहे. त्याला ओलसर कण चिकटले तर पाणी घालण्याचे काम नाही, मग वरची माती कितीही पांढुरकी दिसो. बोटाने केलेली परीक्षा इथे अपुरी ठरते, कारण पावसाळ्यात वरचा अर्धा इंच पंख्याच्या वाऱ्याने सुकतो आणि तळ दहा-बारा दिवस ओला राहतो. याच्या जोडीला कुंडी हाताने उचलून वजनाचा अंदाज घ्यायची सवय लावावी. आठवड्याभरात हाताला ओली कुंडी आणि कोरडी कुंडी यांतला फरक बरोबर कळू लागतो.

ही तपासणी सर्वांत स्वस्त आहे आणि माझ्या अनुभवात निम्म्याहून अधिक कुंड्यांचे उत्तर इथेच मिळते. आमच्या खालच्या मजल्यावरच्या काकू एकदा कुंडी घेऊनच वर आल्या. “अहो, रोज न चुकता पाणी घालते, तरी सुकतच चालली आहे हो.” मी म्हटले, “काकू, रोज घालता म्हणूनच सुकते आहे.” त्यांना ती थट्टा वाटली. थट्टा नव्हती. पाणी साचलेल्या मातीत मुळांना हवा मिळत नाही, ती गुदमरून मरतात, बुरशीला आयती जागा मिळते आणि मेलेली मुळे पाणी ओढू शकत नाहीत. पायाखाली तळे असूनही वेल तहानेने सुरकुतते, आपण सुरकुत्या पाहून आणखी पाणी घालतो आणि उरलेली मुळेही जातात. मणी सुरकुतलेले आणि हीर ओला, या जोडीचा अर्थ मुळे कुजली आहेत असाच घ्यावा. मणी सुरकुतलेले आणि हीर कोरडा असेल तर ती साधी तहान आहे. भरपूर पाणी द्यावे, दोन-तीन दिवसांत मणी भरतात.

तहान ओळखण्याची आणखी एक खूण मण्यावरच असते. प्रत्येक मण्याच्या अंगावर गडद हिरवी, किंचित पारदर्शक अशी उभी चीर दिसते. मणी गोल असल्यामुळे त्याचा उन्हाला सामोरा पृष्ठभाग कमी असतो आणि पाणी कमी उडते, पण त्यामुळे प्रकाशही कमीच मिळतो. ती उणीव भरून काढायला या चिरेतून उजेड मण्याच्या पोटात शिरतो. मणी पाण्याने भरलेला असताना ही चीर रुंद आणि काचेसारखी दिसते, आणि तहान लागली की आक्रसून रेघेसारखी होते.

दुसरी तपासणी: पाणी खरोखर बाहेर जाते का

रोपवाटिकांतून मिळणाऱ्या प्लॅस्टिकच्या टांगत्या कुंड्यांना खाली खटक्याने बसवलेली बशी असते. ती बशी काढून टाकावी. तिच्यात साचलेले पाणी दिसत नाही, सांडत नाही आणि तळातून सतत वर झिरपत राहते. घरात फरशी ओली होऊ नये म्हणून ती हवीच असेल, तर कुंडी मोरीत नेऊन पाणी घालावे, अर्धा तास निथळू द्यावी आणि मगच परत टांगावी. शोभेच्या चिनी मातीच्या भांड्यात ठेवलेल्या कुंडीची तऱ्हा हीच. भांड्याच्या तळाशी पाहिल्याशिवाय तिच्याविषयी काही बोलू नये.

बशी काढल्यावर तांब्याभर पाणी माथ्यावर सावकाश ओतावे. चांगल्या मिश्रणातून ते काही सेकंदांत खालून वाहू लागते. वर तळे साचून राहिले तर माती घट्ट बसली आहे किंवा भोके बुजली आहेत. लोखंडी सळईने भोके मोकळी करून पाहावे. मात्र पाणी लगेच बाहेर आले म्हणजे माती भिजली असेही नाही. कोकोपीट, म्हणजे नारळाच्या काथ्याचा भुसा, एकदा खडखडीत वाळले, की आकसून कुंडीच्या कडेपासून सुटते आणि सगळे पाणी त्या फटीतून निसटून जाते, गाभा कोरडाच राहतो. म्हणून पाणी घातल्यावर कुंडी पुन्हा उचलून पाहावी. वजन वाढले नसेल तर कुंडी वीस मिनिटे बादलीतल्या चार बोटे पाण्यात ठेवून खालून भिजवावी. मे महिन्यात गावाला जाऊन आलेल्या लोकांच्या कुंड्यांत हा प्रकार हमखास आढळतो.

तिसरी तपासणी: माथ्यावर उजेड

दुपारी बाराच्या सुमारास कुंडी जिथे टांगली आहे तिथेच, माथ्याच्या वर वीतभर अंतरावर हात धरावा. मातीवर हाताची सावली अंधूक तरी दिसली पाहिजे. आपल्याकडे खिडकीची वरची कड आणि छत यांत फूट-दीड फूट भिंत असते, त्यामुळे छताच्या हुकाला टांगलेल्या कुंडीचे सर उजेडात आणि माथा अंधारात अशी स्थिती होते. अंधारातल्या मातीतून पाणी कमी उडते, वेल पाणी कमी ओढते, आणि एरवी योग्य असलेले पाणीही जास्त ठरते. साखळी लांबवून कुंडी खिडकीच्या मध्यापर्यंत खाली आणणे हा उपाय जवळजवळ फुकट आहे, पण “टांगलेली छान दिसते” या कारणाने लोक तो सर्वांत शेवटी करतात.

उजेड म्हणजे भर उन्हात ठेवणे मात्र नव्हे. पूर्वेचे सकाळचे ऊन उत्तम. मार्च ते मे या काळातले पश्चिमेचे ऊन मणी भाजते आणि भाजलेला मणी तपकिरी, चपटा होतो, पुन्हा हिरवा होत नाही. थंड देशांत राहणाऱ्या आपल्या मंडळींकडे हाच माथा डिसेंबर-जानेवारीत कुजतो, कारण तिथे दिवस अगदी लहान होतात आणि पाण्याचे वेळापत्रक मात्र उन्हाळ्याचेच चालू राहते.

चौथी तपासणी: कुंडीतली पातळी आणि कीड

माथा कुंडीच्या काठापासून किती खाली आहे ते पाहावे. कोकोपीट कुजून बसत जाते आणि दोन वर्षांत माथा काठाखाली दोन इंच खोल जातो. त्या खळग्यात हवा खेळत नाही, उजेड पोहोचत नाही आणि खोड काठावर घासून कमजोर होते. माथा काठाच्या जेमतेम बोटभर खाली असावा. मुळे ठीक असतील तर सगळा गोळा अलगद उचलून खाली नवे मिश्रण भरावे, एवढेच काम आहे.

किडीपैकी इथे महत्त्वाचा पिठ्या ढेकूण. सरांच्या बेचक्यांत कापसाच्या कणांसारखे पांढरे ठिपके दिसले, हाताला चिकट लागले किंवा कुंडीवर मुंग्यांची रांग दिसली, तर तोच आहे असे समजावे. मुंग्या त्याच्या गोड स्रावासाठी येतात. कान कोरायच्या कापसाच्या काडीला सर्जिकल स्पिरिट लावून एकेक ठिपका टिपावा, दर पाच-सहा दिवसांनी तीन-चार वेळा. आधी दोन-चार मण्यांवर लावून एक दिवस थांबून पाहावे. कडुनिंबाच्या तेलाची फवारणी करायची असेल तर ती संध्याकाळी करावी, कारण तेलाचा थर अंगावर असताना ऊन लागले की मणी भाजतात. मातीवर उडणारी बारीक काळी चिलटे ही स्वतंत्र तक्रार नसते. माती सतत ओली असल्याची ती वर्दी आहे. ओलावा आटोक्यात आला की ती जातात.

पाचवी तपासणी: कुंडी उलटी करून मुळे पाहणे

इथपर्यंत काही सापडले नसेल, किंवा पहिल्याच तपासणीत सुरकुतलेले मणी आणि ओला हीर अशी जोडी दिसली असेल, तर हे करावेच लागते. काम वेळखाऊ आहे आणि सर तुटतातच, म्हणून ते मी मागे ठेवले आहे. सर एका जुन्या पातळ फडक्यात सैल गुंडाळावेत, कुंडी आडवी करून बाजू दाबाव्यात आणि गोळा बाहेर काढावा. पांढरी किंवा फिकट, ताणल्यावर न तुटणारी मुळे निरोगी असतात. तपकिरी मुळाची साल चिमटीत धरून ओढताच सुटून आत नुसता दोरा उरला, तर ते मूळ मेलेले आहे. गोळ्याच्या मधोमध फेसासारख्या घट्ट कोकोपीटचा एक ठोकळा पुष्कळदा सापडतो. हा मूळच्या छोट्या रोपाचा ठोकळा असून बाकीची माती वाळल्यावरही तो ओला राहतो. तो बोटांनी फोडून काढावा.

रोपवाटिकेचे यात काही फसवण्याचे नसते. कोकोपीट वजनाला हलके, वाहतुकीला सोयीचे, आणि हरितगृहात पाणी मोजून देता येते. घरात, तेही दमट हवेत, तेच कोकोपीट आठवडेच्या आठवडे ओले राहते. माझे मिश्रण असे: एक भाग कोकोपीट, एक भाग परलाइट (पांढरे, हलके, सच्छिद्र खडे), एक भाग भरड वाळू किंवा विटांचा चुरा, आणि वर ओंजळभर गांडूळखत. वाळू आणि वीटचुरा चाळून घ्यावा व खाली पडणारी भुकटी फेकून द्यावी, कारण तीच पोकळ्या बुजवते. समुद्राची वाळू मिठामुळे चालत नाही, ही सूचना कोकणातल्या आणि गोव्यातल्या वाचकांसाठी. शेतातली काळी माती तर अजिबात नको. ती भिजली की फुगते, वाळली की भेगाळते आणि त्या ओढाताणीत ही दोऱ्यासारखी मुळे तुटतात. कुंडी खोल नको, पसरट हवी, आणि शक्य असेल तर भाजलेल्या मातीची, कारण तिच्या अंगातूनही ओलावा बाहेर पडतो.

मेलेली मुळे कापून वेल नव्या, कोरड्या मिश्रणात बसवल्यावर चार-पाच दिवस पाणी घालू नये. हे दिवस मालकाला फार जड जातात.

सहावा उपाय: नव्याने सुरुवात

खोडाचा बुडखा मऊ झाला असेल तर मुळे वाचवण्याच्या नादी लागू नये. चांगले सर चार-पाच इंच लांबीचे कापावेत. कापलेल्या तोंडाकडे नीट पाहावे. मधोमध काळपट ठिपका दिसला तर पाते स्पिरिटने पुसून आणखी पुढे कापावे, तोंड स्वच्छ हिरवट-पांढरे दिसेपर्यंत. कापलेल्या टोकाकडचे इंचभर मणी काढून तुकडे सावलीत एक-दोन दिवस सुकू द्यावेत, म्हणजे जखम भरते आणि कूज शिरत नाही. मग ते उभे खोचण्याऐवजी मिश्रणावर वेटोळे करून आडवे ठेवावेत आणि केसांच्या आकड्यांनी पेरी मातीला टेकवावीत. जमिनीवर सरपटताना ही वेल जे करते, तेच तिला इथे करू द्यायचे. वरची माती वाळली की हलके शिंपण करावे. पावसाळ्यात वरून प्लॅस्टिक झाकू नये. तीन-चार आठवड्यांत मुळे धरतात. हे काम ऑक्टोबर ते फेब्रुवारीत सर्वांत बिनधोक होते, पण माथा जुलैत कुजला तर जुलैतच करावे लागते, फक्त शिंपण अर्धे करावे.

रिकाम्या झालेल्या कुंडीतली माती दुसऱ्या कुंडीत घालू नये, आणि कुंडी साबणाने धुऊन उन्हात वाळवल्याशिवाय वापरू नये. बुरशीनाशकाविषयी मला वारंवार विचारले जाते. मी घरात ते वापरत नाही. माती ओलीच राहणार असेल तर औषधाचा उपयोग चार दिवसांचा, आणि माती वाळत असेल तर त्याची गरज पडत नाही.

कुठे थांबावे आणि कोणाला बोलवावे

नवे मिश्रण, नवी कुंडी आणि निरोगी तुकडे घेऊन दोनदा लागवड केली आणि दोन्ही वेळा वेल बसली नाही, तर तिसऱ्यांदा त्याच पद्धतीने करण्यात अर्थ नाही. मुळांवर बारीक गाठी दिसल्या तर सूत्रकृमीची (मुळांत शिरणाऱ्या सूक्ष्म कृमींची) शंका घ्यावी, आणि मुळांवर पांढरी पूड दिसली तर मुळांवरच्या पिठ्या ढेकणाची. दोन्हींसाठी घरगुती उपाय अपुरे पडतात आणि घरात जहाल कीटकनाशक ओतणे धोक्याचे आहे. अशा वेळी मुळे आणि मूठभर माती पिशवीत घालून जवळच्या कृषी महाविद्यालयाच्या वनस्पती रोगशास्त्र विभागात किंवा कृषी विज्ञान केंद्रात आधी विचारून दाखवावी. त्यांचे मुख्य काम शेतातल्या पिकांचे असते, हे लक्षात ठेवून वेळ मागावी.

मांजराने, कुत्र्याने किंवा लहान मुलाने मणी चावले तर वाट पाहत बसू नये. ही वेल विषारी आहे, उलट्या होऊ शकतात, लाळ गळू शकते. प्राण्याला पशुवैद्याकडे आणि मुलाला डॉक्टरांकडे न्यावे, सोबत वेलीचा तुकडा न्यावा. चिकाने काहींच्या त्वचेला खाज सुटते, म्हणून छाटणी करताना हातमोजे घालावेत. कुंडी टांगायला छतात हुक बसवायचा असेल तर तेही कामगाराकडून करून घ्यावे. मातीची भिजलेली कुंडी दिसते त्याहून बरीच जड असते, आणि स्लॅबमधून विजेची नळी कुठून गेली आहे हे बाहेरून दिसत नाही.

हाच दोष डॉल्फिनच्या आकाराच्या पानांच्या वेलीतही येतो; ती मोत्यांच्या वेलीचाच संकर असल्यामुळे वरचे सगळे तिलाही लागू आहे. हृदयाच्या आकाराच्या पानांची स्ट्रिंग ऑफ हार्ट्स मात्र अधिक सोशिक आहे. ती सह्याद्रीत फुलणाऱ्या कंदीलपुष्पांच्याच वंशातली असून तिला कंद असतात. वरचे सगळे गेले तरी कंद घट्ट असेल तर कुंडी फेकू नये, पाणी कमी करून महिनाभर थांबावे.

नव्या लागवडीचे सर कुंडीच्या काठावरून खाली उतरेपर्यंत ती टांगू नये. खिडकीच्या कट्ट्यावर, हाताशी ठेवावी, म्हणजे माथा रोज दिसतो. पुढे दरवर्षी दिवाळीनंतर त्यातले दोन-तीन लांब सर उचलून परत माथ्यावर वेटोळे करून आकड्यांनी टेकवावेत. माझ्याकडच्या सर्वांत जुन्या कुंडीत हे सहा वर्षे चालले आहे, आणि पहिल्या वर्षीच्या मुळांपैकी आज तिच्यात एकही शिल्लक नसावे.